स्वयंपाकघरात थांबलेला कॅमेरा: रेमों दपार्दों आणि फ्रान्सचे डोंगरी शेतकरी

(पॉडकास्टच्या भागाचं संपादित शब्दांकन. बोलण्यातली वाक्यं शक्य तिथे तशीच ठेवली आहेत.)

आज माहितीपटांबद्दल बोलायचंय, आणि तेही अशा माहितीपटांबद्दल की ज्यात वरवर बघता काहीच घडत नाही. एक स्वयंपाकघर आहे. टेबलावर मेणकापड अंथरलंय, कॉफी आहे. टेबलाशी ऐंशी पार केलेला एक शेतकरी बसलाय. कॅमेऱ्यामागून कोणीतरी त्याला काहीतरी विचारतं. तो "हं" म्हणतो आणि गप्प होतो. आपल्याला वाटतं, आता दृश्य बदलेल. पण बदलत नाही. कॅमेरा तिथेच, म्हातारा तिथेच, आणि आपणही तिथेच.

हे चित्रपट आहेत रेमों दपार्दों यांचे. फ्रेंच छायाचित्रकार आणि दिग्दर्शक. 'प्रोफिल पेझां', म्हणजे साधारण 'शेतकऱ्यांची व्यक्तिचित्रं', या नावाने त्यांनी तीन चित्रपट केले: 2001 साली 'लाप्रोश', 2005 साली 'ल कोतिदियँ' आणि 2008 साली 'ला व्ही मोदर्न'. मराठीत सांगायचं तर 'जवळ जाणं', 'रोजचं जगणं' आणि 'आधुनिक जीवन'. ही नावं लक्षात ठेवा, कारण त्यांच्या क्रमातच बरंच काही आहे. आधी जवळ जायचं, मग रोजचं बघायचं, आणि मग कुठे मोठं विधान करायचं.

आज आपण तीन गोष्टी बघू. हे चित्रपट कसे बनले, त्यांत 'निरीक्षण' या शब्दाचा नेमका अर्थ काय होतो, आणि शेतकरी असणं ही ओळख त्यांत कशी दिसते.

शेतावरून निघालेला मुलगा

दपार्दों यांचा जन्म 1942 चा. लिओंच्या उत्तरेला विलफ्रांश-सुर-सोन नावाचं गाव आहे, तिथल्या 'गारे' नावाच्या शेतावर ते वाढले. आईवडील शेतकरी. बारा वर्षांच्या वयात भावाचा कॅमेरा हातात आला आणि त्यांनी शेतावरच फोटो काढायला सुरुवात केली: जनावरं, अंगण, घरची माणसं. 1958 साली, सोळाव्या वर्षी, ते पॅरिसला गेले आणि एका छायाचित्रकाराचे मदतनीस झाले.

पुढची वीस-पंचवीस वर्षं म्हणजे जगभर भटकंती. 1960 च्या दशकात काही सहकाऱ्यांबरोबर त्यांनी 'गामा' ही छायाचित्र संस्था काढली. 1970 च्या दशकाच्या शेवटी ते 'मॅग्नम'मध्ये गेले. युद्धं, निवडणुका, आफ्रिकेतलं चाड, सगळीकडे त्यांचा कॅमेरा होता. शेतावर मात्र भाऊ राहिला. तुमच्या-माझ्या ओळखीची गोष्ट आहे ही. एक भाऊ शहरात, एक भाऊ शेतावर. दरम्यान वाढतं शहर आणि महामार्ग गारेच्या जमिनीपर्यंत येऊन पोचले.

1984 साली एक वळण आलं. फ्रान्समध्ये दातार नावाची सरकारी यंत्रणा होती, देशाच्या भूभागाचं नियोजन करणारी. तिने काही छायाचित्रकारांना देशाचा बदलता भूप्रदेश टिपायचं काम दिलं. दपार्दों यांनी या कामासाठी निवडलं ते गारेचं शेत. मोठ्या तिपाईवरच्या कॅमेऱ्याने, रंगीत, एकेक फोटो सावकाश. बातमीदारीच्या घाईत वीस वर्षं काढलेल्या माणसाने पहिल्यांदा स्वतःच्या दारात कॅमेरा लावला. वडील तोवर हयात नव्हते. जगभरच्या माणसांचे फोटो काढले आणि वडिलांचे म्हणावे तसे काढले नाहीत, ही रुखरुख त्यांनी पुढे बोलून दाखवलेली आहे.

शेतकऱ्यांवरचे चित्रपट याच्या सतरा वर्षांनंतर यायला लागले, आणि ते त्यांच्या स्वतःच्या गावचे नाहीत. ते आहेत दक्षिणेकडच्या सेवेन डोंगराळ भागातले, लोझेर आणि आर्देश या परिसरातले, आणि काही पूर्वेकडच्या ओत-सोनमधले. उंचावरची, छोटी, मेंढ्या-शेळ्या-गाई पाळणारी शेतं. आपल्याच घराबद्दल बोलायचं, पण दुसऱ्याच्या घरात बसून.

निरीक्षण म्हणजे लपून बघणं का?

आता थोडं चित्रपटाच्या इतिहासाकडे वळू. फार खोलात नको, पण एवढं लागणार आहे.

1960 च्या आसपास खांद्यावर घेता येतील असे हलके कॅमेरे आणि त्यांच्याशी जुळवून चालणारे ध्वनिमुद्रक मिळायला लागले. त्याआधी माहितीपट म्हणजे बहुतेक वेळा मूक चित्रं आणि वरून निवेदकाचा भारदस्त आवाज. फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट थिएटरात बघितलेल्यांना तो आवाज आठवत असेल. नव्या यंत्रांमुळे माणूस जिथे आहे तिथेच, त्याच्याच आवाजात, पकडता येऊ लागला.

यातून दोन वाटा फुटल्या. अमेरिकेत एक मंडळी म्हणाली, आपण काही विचारायचं नाही, काही सांगायचं नाही. भिंतीवरच्या माशीसारखं गप्प राहून बघायचं. फ्रेडरिक वाइजमन यांचं काम याच धाटणीचं. 2018 सालच्या 'मॉनरोव्हिया, इंडियाना' या चित्रपटात त्यांनी अमेरिकेतलं एक छोटं शेतीप्रधान गाव असंच दाखवलं: निवेदन नाही, मुलाखत नाही. फ्रान्समध्ये झाँ रूश आणि एदगार मोराँ यांनी 1961 साली 'एका उन्हाळ्याचा वृत्तांत' या चित्रपटात उलटं केलं. ते म्हणाले, कॅमेरा आहे हे सगळ्यांना कळतंच ना? मग लपवायचं कशाला? आपण विचारू, आणि विचारल्यामुळे काय होतं तेही दाखवू.

दपार्दों यांनी दोन्ही केलं, आणि कुठे काय केलं हे बघण्यासारखं आहे.

पॅरिसच्या पोलीस ठाण्यावरचा 1983 चा 'फे दिव्हेर', मनोरुग्णांच्या तातडीच्या विभागावरचा 1988 चा 'उर्जांस', पकडून आणलेल्या माणसांची सरकारी वकिलासमोर चौकशी दाखवणारा 1994 चा 'देली फ्लाग्राँ': या चित्रपटांत ते प्रश्न विचारत नाहीत. कॅमेरा लावून बाजूला थांबतात. ते तिथे शांत राहू शकतात, कारण विचारायचं काम दुसरं कोणीतरी करतंय. पोलीस विचारतो, डॉक्टर विचारतो, वकील विचारतो. ती संस्थाच प्रश्नांवर चालते.

डोंगरातल्या स्वयंपाकघरात तसं कोणी नाही. तिथे या म्हाताऱ्यांना कोणीच काही विचारत नाही. वर्षानुवर्षं विचारलेलं नाही. म्हणून शेतकऱ्यांच्या चित्रपटांत दपार्दों यांचा स्वतःचा आवाज ऐकू येतो. "किती मेंढ्या राहिल्या?" "कोणाला द्यायच्या?" अशा धाटणीचे साधे, जवळजवळ बाळबोध प्रश्न. चतुर मुलाखतकाराचा एकही प्रश्न नाही. गावात पाहुणा आला की जसे विचारतो तसे.

माझ्या मते या तीन चित्रपटांचा गाभा इथे आहे. एरवी निरीक्षण करणारा कॅमेरा आपली चाहूल लागू देत नाही. इथे तो सांगून आलाय, खुर्ची ओढून बसलाय, आणि मुख्य म्हणजे दरवर्षी परत येतोय.

परत परत जाणं

या तिन्ही चित्रपटांचं काम साधारण दहा वर्षं चाललं. सोबत मोठा ताफा नाही. कॅमेऱ्यामागे दपार्दों, आणि ध्वनी सांभाळायला क्लोदीन नुगारे, त्यांच्या पत्नी आणि निर्मात्याही. कॅमेरा, माइक आणि ओळखीची दोनच माणसं घरात आली की घर आपलं काम चालू ठेवतं.

पहिल्या चित्रपटात संकोच दिसतो. लोक अंग चोरून बसतात, उत्तरं तुटक देतात. 'जवळ जाणं' हे नाव शेतकऱ्यांपेक्षा दिग्दर्शकालाच जास्त लागू पडतं. दुसरा चित्रपट सुरू होतो तो एका अंत्यविधीपासून. पहिल्या भागात भेटलेले एक वृद्ध शेतकरी गेलेत. पहिला भाग बघितलेल्यांना धक्का बसतो, कारण त्यांच्यासाठी हा ओळखीचा माणूस आहे. तिसऱ्या भागापर्यंत घरं तीच, पण कोणाच्या गाई विकल्या गेल्यात, कोणी लग्न केलंय, कोणी खचलंय.

गावाचं निरीक्षण एका खेपेत का होत नाही, याचं उत्तर इथे मिळतं. शेतीतला बदल एका दिवसात दिसत नाही. आज गोठ्यात सहा गाई आहेत हे दृश्य म्हणून काहीच सांगत नाही. पण चार वर्षांपूर्वी त्याच गोठ्यात किती होत्या हे तुम्हाला आठवत असेल, तर त्या सहा गाई बोलायला लागतात.

फ्रान्समध्ये याला एक जुना दाखला आहे. जॉर्ज रूकिए यांनी 1946 साली 'फार्रबिक' केला, आव्हेरों भागातल्या स्वतःच्या नातेवाइकांच्या शेतावर, वर्षभर राहून. घरात वीज आणायची का, घर वाढवायचं का, असे त्यातले प्रश्न. तो काटेकोर अर्थाने निरीक्षण नव्हता. घरच्यांनीच स्वतःच्या भूमिका केल्या होत्या, आजोबांचा मृत्यूसुद्धा अभिनय होता. मग 1983 साली, जवळपास चार दशकांनी, रूकिए त्याच परिसरात परत गेले आणि 'बिकफार' केला. तोवर ट्रॅक्टर, रासायनिक खतं, कर्ज, शेजाऱ्याची जमीन विकत घ्यायची धडपड, सगळं येऊन बसलं होतं. परत जाण्याची ही परंपरा दपार्दों यांच्या आधीपासूनची आहे.

तिपाई, रीळ आणि शांततेचा खर्च

तंत्राबद्दल थोडं बोलू, कारण या चित्रपटांत तंत्र आणि वागणूक एकच आहे.

कॅमेरा तिपाईवर आहे. चौकट रुंद. त्यात टेबल दिसतं, भिंतीवरचं कॅलेंडर दिसतं, दार दिसतं. माणूस बोलता बोलता उठून गेला तर कॅमेरा बहुधा त्याच्या मागे धावत नाही. तो परत येईपर्यंत आपण रिकामी खुर्ची बघतो. चेहऱ्यावर झडप घालून डोळ्यातलं पाणी टिपणं नाही. टीव्हीवर गावाकडच्या माणसाची मुलाखत आठवून बघा: माइक तोंडाशी, वीस सेकंदांचं उत्तर, आणि "कसं वाटतंय तुम्हाला?" इथे माणसाला त्याची जागा मिळते. त्याचं टेबल, त्याची खुर्ची, त्याचा वेग.

तिसरा चित्रपट 35 मिलिमीटर फिल्मवर, रुंद पडद्यासाठी चित्रित केला. त्यासाठी आतों कंपनीचा 'पेनेलोप' नावाचा त्या वेळी नवा असलेला कॅमेरा वापरला. नेहमीच्या 35 मिलिमीटर कॅमेऱ्यात एका चित्राला फिल्मची चार छिद्रं लागतात. इथे दोनच. म्हणजे तेवढ्याच रिळात दुप्पट वेळ. चारशे फुटांचं रीळ एरवी साडेचार मिनिटांत संपतं, इथे ते नऊ मिनिटांच्या जवळ जातं.

आता विचार करा. फिल्म महाग. म्हातारा गप्प बसलाय. प्रत्येक सेकंदाला फिल्म सरकतेय, पैसा सरकतोय. कोणताही निर्माता म्हणेल, कट करा. मोबाइलवर तासभर रेकॉर्डिंग फुकट होतं, त्यामुळे आपल्याला ही गोष्ट चटकन जाणवत नाही. पण त्या शांततेवर कोणीतरी खर्च केलाय. या माणसाचं न बोलणंही नोंदवण्याच्या लायकीचं आहे, असं कोणीतरी ठरवलंय.

'आधुनिक जीवन'मध्ये आणखी एक गोष्ट वारंवार येते. गाडीच्या पुढच्या बाजूने टिपलेला, डोंगरातून वळत जाणारा अरुंद रस्ता, आणि त्यावर गाब्रिएल फोरे या संगीतकाराची 'एलेजी', म्हणजे शोकरचना. प्रत्येक घराआधी हा रस्ता येतो. आपण घरात एकदम उगवत नाही, चालत-चालत पोचतो. ते घर किती लांब आहे हे कळतं, आणि तिथून निघून जाणारी मुलं का परत येत नाहीत तेही थोडं कळतं.

न बोललेलं काय ऐकू येतं

एक प्रसंग सांगतो. 2007 च्या जानेवारीत फ्रान्समध्ये आबे पिएर वारले. बेघरांसाठी आयुष्य घालवलेले पाद्री, त्या वेळी देशातल्या सर्वांत लाडक्या माणसांपैकी एक. त्यांच्या अंत्यविधीचं प्रक्षेपण सगळ्या देशाने बघितलं. 'आधुनिक जीवन'मध्ये एक एकटा शेतकरी आपल्या स्वयंपाकघरात सिगारेट ओढत टीव्हीवर तो अंत्यविधी बघतोय. दपार्दों त्याला काही विचारतात. उत्तरं एका-दोन शब्दांची. बस एवढंच. पण खोलीत टीव्हीचा उजेड, बाहेर हिवाळा, एकटा माणूस, आणि पडद्यावर अख्ख्या देशाने निरोप दिलेला दुसरा एकटा माणूस. दिग्दर्शक यावर एक शब्द बोलत नाही. बोलला असता तर सगळं गेलं असतं.

दुसरा धागा जास्त गुंतागुंतीचा आहे. दोन सख्खे भाऊ, दोघेही ऐंशीच्या पुढचे, दोघेही अविवाहित. सोबत पुतण्या, तोच आता शेत सांभाळतोय. पुतण्याने उत्तर फ्रान्समधल्या एका बाईशी लग्न केलं. ओळख झाली ती जाहिरातीतून. ती आपल्या मुलीला घेऊन इथे आलीय. आणि घरात ताण आहे. म्हाताऱ्यांना वाटतं, ही बाहेरची, हिला आपलं काम कळत नाही. तिला वाटतं, मी इतकं करूनही इथे पाहुणीच. भांडण पडद्यावर होत नाही. पण कोण कुठे बसलंय, कोण कोणाचं नाव घ्यायचं टाळतंय, यातून सगळं समजतं.

इथे एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर हा धागा नुसता घरगुती वाटेल. समाजशास्त्रज्ञ पिएर बुर्द्यू स्वतः नैर्ऋत्य फ्रान्समधल्या बेआर्न या ग्रामीण भागातले. 1962 साली त्यांनी तिथल्या अविवाहित शेतकऱ्यांवर अभ्यास प्रसिद्ध केला. त्यात एक वर्णन आहे: नाताळच्या सुमारास गावात नाच, मध्ये तरुण जोडपी नाचतायत आणि कडेला तिशी-चाळिशीतले शेतकरी नुसते उभे. जुन्या व्यवस्थेत थोरल्या मुलाला जमीन मिळायची, म्हणून त्याचं लग्न ठरलेलं असायचं. धाकटे बिनलग्नाचे राहायचे. बुर्द्यू यांनी दाखवलं की आता उलटं झालंय. ज्याच्याकडे जमीन, तोच अडकलेला, कारण मुली शहराकडे बघतायत. ज्या गोष्टीमुळे मान होता, त्याच गोष्टीमुळे आता लग्न होत नाही.

हे ऐकताना सोलापूर आठवलं असेल. 2022 च्या डिसेंबरात तिथे लग्न न जुळणाऱ्या तरुणांनी नवरदेवाचा पोशाख करून, काहींनी घोड्यावर बसून, जिल्हाधिकारी कार्यालयावर मोर्चा नेला होता. बातम्यांत तो बराचसा गंमत म्हणून आला. त्यात मुलींच्या घटत्या संख्येचा मुद्दाही होता, आणि तो आपल्याकडचा, फ्रान्सचा नव्हे. पण "शेतकरी नवरा नको" हे वाक्य ज्या घरांनी ऐकलंय, त्या घरांना हे दोन म्हातारे भाऊ परके वाटणार नाहीत.

'पेझां' म्हणजे कोण?

आता ओळखीचा प्रश्न. फ्रेंचमध्ये शेतकऱ्याला दोन-तीन शब्द आहेत. 'पेझां' हा जुना शब्द, 'पेई' म्हणजे मुलूख, त्यापासून आलेला. मुलखाचा माणूस. शहरात हाच शब्द शिवीसारखाही वापरला गेला, आपल्या 'गावंढळ'सारखा. दुसरा 'आग्रिकुल्तर', म्हणजे शेती करणारा. आणि सरकारी कागदावर 'एक्स्प्लुआताँ', शेतीचा उद्योग चालवणारा. समाजशास्त्रज्ञ आँरी माँद्रास यांनी 1967 साली पुस्तकच लिहिलं, 'शेतकऱ्यांचा अंत' अशा अर्थाच्या नावाचं. त्यांचं म्हणणं असं की शेती राहील, पण 'पेझां' हा जगण्याचा प्रकार संपेल. राहील तो व्यावसायिक. याच्या उलट, 1987 साली स्थापन झालेल्या 'कॉन्फेदेरासियों पेझान' या शेतकरी संघटनेने हाच हिणवणारा शब्द अभिमानाने नावात घेतला.

दपार्दों यांनीही आपल्या मालिकेला हाच शब्द दिला. शेतकऱ्याच्या पोराने तो वापरला, यालाही वजन आहे.

आकडे बघितले की या शब्दाभोवतीची काळजी समजते. 1955 साली फ्रान्समध्ये सुमारे 23 लाख शेतं होती. 1988 मध्ये सुमारे 10 लाख. 2010 मध्ये सुमारे 4 लाख 90 हजार. 2020 मध्ये सुमारे 3 लाख 90 हजार. जमीन कुठे गेली नाही. ती शेजाऱ्याकडे गेली, शेतं मोठी होत गेली. 2020 मध्ये सरासरी शेत साधारण 69 हेक्टरचं होतं.

आपल्याकडे गणित बरोबर उलटं आहे. 1970-71 मध्ये भारतात सुमारे 7 कोटी वहिवाटी होत्या, सरासरी 2.28 हेक्टरच्या. 2015-16 मध्ये साडेचौदा कोटींच्या वर, सरासरी 1.08 हेक्टर. तिथे शेतकरी कमी होऊन शेत मोठं झालं, इथे वाटण्या होऊन शेत लहान झालं. म्हणून 'त्यांचं तेच आपलं' असं म्हणण्याची घाई नको. एकच गोष्ट दोन्हीकडे आहे: पुढची पिढी इथे राहील का, हा टेबलाशी कोणीच मोठ्याने न विचारलेला प्रश्न.

'आधुनिक जीवन'मध्ये तो तरुणांच्या तोंडून येतो. घरी राहिलेला एक मुलगा आहे, आणि शेती ही त्याची निवड नव्हती हे त्याच्या अडखळण्यातून कळतं. ज्याला घराने थांबवलं तो बोलत नाही. 'मातीशी नाळ' वगैरे शब्द आपण सहज वापरतो. हा मुलगा बघितल्यावर ते शब्द वापरायला जीभ धजावत नाही.

2011 साली युनेस्कोने कोस आणि सेवेनचा हा मेंढपाळीतून घडलेला प्रदेश जागतिक वारशाच्या यादीत घेतला. डोंगर, कुरणं, पायवाटा यांना संरक्षण मिळालं. ते घडवणाऱ्या मेंढपाळांना वारस मिळणं ही गोष्ट कोणत्या यादीत बसत नाही.

आक्षेपही ऐकू

या चित्रपटांवर टीका करायला जागा आहे, आणि ती करायला हवी.

पहिली गोष्ट, ही निवडक शेतं आहेत. मध्यम उंचीच्या डोंगरातली, छोटी, संपत चाललेली. पॅरिसच्या आसपासच्या सपाटीवर शेकडो हेक्टर गहू पिकवणारा, बाजारभाव मोबाइलवर बघणारा शेतकरी यात नाही. हे फ्रान्सच्या शेतीचं पूर्ण चित्र समजू नये.

दुसरी, शोकसंगीत. माणूस जिवंत बसलाय आणि आपण त्याच्यासाठी शोकरचना वाजवतोय, हे बरं आहे का? नाव 'आधुनिक जीवन' आणि सूर अंत्ययात्रेचा. मला वाटतं, नावातला टोमणा हाच आहे: ही माणसं भूतकाळातली नाहीत, ती आजची आहेत, आपल्याच काळात एकटी पडलेली. पण तो सूर काही वेळा जड होतो, हे खरं.

तिसरी गोष्ट गंभीर. जो माणूस आयुष्यभर बोलला नाही, त्याच्यासमोर कॅमेरा लावायचा हक्क कोणाला? त्याच्या सुनेबद्दलची नाराजी उद्या सगळा देश बघणार आहे, हे त्याला किती कळलंय? सही घेऊन हा प्रश्न सुटत नाही. दहा वर्षं परत जाण्याने तो थोडा सुटतो, कारण आधीचा चित्रपट बघितल्यावरही त्या घराने दार उघडलं, ही एक प्रकारची संमती असते. पण पूर्ण सुटतो असं मी म्हणणार नाही.

'आधुनिक जीवन'ला 2008 सालचा लुई देल्युक पुरस्कार मिळाला. फ्रान्समध्ये वर्षातल्या उत्तम फ्रेंच चित्रपटाला दिला जाणारा हा मानाचा पुरस्कार, आणि तो मिळाला मेंढ्या मोजणाऱ्या म्हाताऱ्यांच्या माहितीपटाला.

आपण यातून काय घ्यायचं

आपल्याकडे पडद्यावर शेतकरी येतो तो बहुतेकदा संकटाचा हात धरून. दीपा भाटिया यांचा 2009 चा 'नीरोज गेस्ट्स' पी. साईनाथ यांच्या कामातून विदर्भातल्या आत्महत्यांकडे बघतो, आणि ते बघणं गरजेचंच होतं. पण ज्या दिवशी कोणी मरत नाही, भाव पडत नाही, गारपीट होत नाही, त्या दिवशीचा शेतकरी आपल्याला फारसा माहीत नाही.

तुमच्यापैकी बऱ्याच जणांकडे मोबाइल आहे आणि गावाकडे कोणीतरी म्हातारं माणूस आहे. त्यांचं काही जपून ठेवावं असं वाटत असेल, तर या चित्रपटांतून शिकण्यासारखं बरंच आहे. त्यांना विचारूनच रेकॉर्ड करा, आणि कशासाठी करताय ते सांगा. त्यांना छान शर्ट घालून अंगणात उभं करू नका. ते रोज जिथे बसतात तिथेच बसू द्या. मोबाइल कशाला तरी टेकवून ठेवा, हातात धरून नाचवू नका. "तुमच्या आयुष्याबद्दल काहीतरी सांगा" असं विचारू नका, त्याला कोणाकडेच उत्तर नसतं. "ही विहीर कोणी खणली?" असं विचारा. "शेवटची बैलजोडी कोणाला दिली?" असं विचारा. उत्तर आल्यावर लगेच पुढचा प्रश्न नको. दहा सेकंद थांबा. खरं उत्तर पुष्कळदा त्या दहा सेकंदांनंतर येतं. आणि पुढच्या वर्षी पुन्हा तोच प्रश्न विचारा.

चित्रपट कुठून सुरू करायचे? तिसऱ्यापासून केलं तरी चालेल, तो एकटा बघितला तरी कळतो. पण जमलं तर क्रमाने बघा, आणि मधे थोडे दिवस जाऊ द्या. दुसरा भाग सुरू होताना तो अंत्यविधी दिसेल तेव्हा, कोण गेलंय हे कोणी सांगायच्या आत तुम्हाला कळलेलं असेल.

आज इथेच थांबू. तुमच्या घरी असं काही रेकॉर्डिंग असेल, कॅसेटवर, व्हिडिओवर, कशावरही, तर त्यात कोण काय बोललंय ते आम्हाला जरूर कळवा. पुढच्या भागात भेटूच. नमस्कार.